हिंदूआप्पांची हरलेली कुस्ती

ऐका. सर्जेराव, तू जरा पुढं ये. काल मैदान मारलंस, आणि आज म्हणे ओढ्याच्या वाटेनं जाणार. आधी ऐक, मग जा.

माझे चुलते हिंदूआप्पा. बारा वर्षं पाठीला माती लागली नव्हती गड्याच्या. एकदा जत्रेत कुस्ती मारली, मानाचा पटका बांधला आणि अंधार पडल्यावर एकटेच निघाले. लोक म्हणाले, मुक्काम करा. ऐकतील तर आप्पा कसले!

ओढ्याकाठी तो पडका आखाडा आहे ना? तिथं आले, तर वास. ताक, हळद, तेल. मळलेल्या मातीचा वास! आप्पा थबकले. इथं वीस वर्षांत कुणी फावडं मारलं नाही, मग माती मळली कुणी?

आत एक गडी, लंगोट लावून उभा.

"हात दे, पैलवान. का भ्यालास?"

झालं! भ्यालास म्हटल्यावर आप्पा थांबतात होय? पटका कडेला ठेवला, दिला हात. समोरचा हात गारढोण. काहीतरी वंगाळ आहे, हे मनात आलं बरं का. पण हात मिळवला की कुस्ती जोडली. निकालाशिवाय सोडायची नाही, हा तालमीचा नेम.

पहिल्याच डावाला आप्पांनी गडी चीत केला. तो उठला. म्हणाला, पाठ लागली नाही, पुन्हा धर. पुन्हा चीत. पुन्हा तेच. आणि दर खेपेला गडी जड! आधी माणसाएवढा, मग रेड्याएवढा. आप्पा धापा टाकतायत, त्याचा श्वासच ऐकू येत नाही. पाठीला मातीचा कण नाही. तेव्हा उमगलं, हा जिंकायला खेळतच नाही. दमवून मारणार हा.

सुटायला एकच वाट होती. जो हरलो म्हणेल, त्याच्या अंगाला पुन्हा हात लावायचा नाही. हाही नेमच. पण जीभ उचलेना, बघा. बारा वर्षं! शेवटी कमरेला मिठी बसली, बरगड्या कडकडल्या, घरची पोरं डोळ्यांपुढं आली. आप्पांनी हात लांबवून पटका ओढला, त्याच्या पायावर टाकला.

"हरलो, वस्ताद."

मिठी सुटली. तो नुसता पटक्याकडं बघत राहिला.

"मला एवढं म्हणता आलं नाही," म्हणाला. "इथंच मेलो मी."

आणि रडायला लागला हो. आप्पा पळाले ते घराच्या उंबऱ्यालाच थांबले.

गावात त्यांनी खरं ते सांगितलं. लोक हसले. पुन्हा कुठल्या मैदानात बोलावणं आलं नाही. ते त्यांना फार लागलं. पण नातवंडं मांडीवर खेळवून गेले.

तर त्या वाटेला जायचं नाही, सर्जेराव. काय म्हणतोस? तू भीत नाहीस?

अरे लेका, तो पहिल्यांदा तेच तर विचारतो.