मामांचं स्वगत

दातांच्या दवाखान्यात माझ्या शेजारी मामा-भाचे बसले होते. मामा जुने नट, भाचा दिग्दर्शक.

"मामा, रागावू नका. तुमचं स्वगत काढलंय."

"काढलं? अरे, प्रयोग तोंडावर आलाय!"

"फिरत्या रंगमंचाला मोटर बसवली. आधी माणसं ढकलायची, घराचा राजवाडा व्हायला वेळ लागायचा. तोवर पडद्यापुढे तुम्ही बोलायचात. आता पडदा न पाडताच, प्रेक्षकांच्या डोळ्यांदेखत रंगमंच फिरतो."

"म्हणजे मागे सामान हलेपर्यंत मी पुढे लोकांना खेळवत होतो?"

"तसं नाही हो."

"मग कसं? शब्द बोबडे पडू नयेत म्हणून नवी कवळी करायला टाकली मी. तुझी मामी म्हणाली, जेवायला जुनी चालते की!"

"निर्मात्याचा सगळा जीव त्या मोटरीत अडकलाय, मामा."

"आणि ती बिघडली तर?"

"तर... तुम्ही विंगेत थांबाल का?"

"वा रे वा! बिघडू दे म्हणून देवाला हात जोडत उभा राहू? पाप लागेल मला. आणि काय रे, मामीसमोर तूच म्हणाला होतास ना, मामांचं स्वगत म्हणजे नाटकाचा प्राण?"

"तेव्हा मोटर नव्हती, मामा."