सर्व्हिस मेनू आणि गाळलेली शून्यं

...नाही, पण मी म्हणतो, हात लावायचाच नव्हता तर तो आतले आकडे बदलायचा सर्व्हिस मेनू माझ्या रेडिओ सेटमध्ये ठेवला कशाला? आं? आणि ठेवला तर लपवला कशाला? लपवलं की माणूस शोधणारच! सेटच्या पुस्तकात त्याचं नाव नाही, गाव नाही. कुणा भल्या गृहस्थानं इंटरनेटवर त्यात शिरायच्या रीतीचा एक कागद टाकलाय, त्यावर ही एवढाली अक्षरं, 'फक्त प्रशिक्षित कारागिरांसाठी'. अहो, मी प्रशिक्षितच आहे की... पँट शिवण्यात! पन्नास वर्षं टेलरिंग केलं, दुकान मुलाकडे दिलं, पण तुम्हाला सांगतो, हात काही स्वस्थ बसत नाहीत!

आणि हे सगळं केलं कुणासाठी? कप्तानसाठी! कप्तान म्हणजे जहाजावरचे वायरलेस ऑपरेटर, मला या हौशी रेडिओचं, म्हणजे घरच्या सेटवरून लांबच्या माणसांशी बोलायचं, वेड लावलं ते त्यांनीच. ते लांब दुसऱ्या गावात, मी इथे, आणि एकतीस वर्षं रोज सकाळी सातला एकाच फ्रिक्वेन्सीवर आम्ही दोघं आणि आणखी चार-पाच टाळकी. आता त्यांनी ऐंशी ओलांडली, गुडघे गेले, खोलीबाहेर पडणं नाही, सून सातला सेट चालू करून देते तेवढंच काय ते. आणि सहा महिने रोज एकच धोशा, "अरे टेलर, तोंडात टाचण्या धरून बोलतोस का? काही कळत नाही!" मी ओरडतोय, घसा बसला, बायको कानात कापूस घालून हिंडतेय! तर परवा म्हणतात कसे, "राहू दे रे. ऐकूच येत नाही तर कशाला बसायचं? सेट देऊन टाकतो कुणाला तरी." त्या खोलीत दुसरं आहे काय त्यांना?

म्हटलं, माझाच सेट म्हातारा झालाय, जरा जोर वाढवू. आता त्या मेनूत शिरायचं कसं, तर सेट बंद करा, या टोकाचं बटण दाबा, त्या टोकाचं दाबा, आणि दोन्ही धरून मधलं दाबा. देवानं हात दिले दोन! "अगं ए, जरा बोट दे!" ती आली, केस पुसत, ओल्या हातानं. "अहो, चालतोय ना तो? मग कशाला त्याच्या मागे लागता?" बरोबर होतं तिचं. पण हात स्वस्थ बसत नाहीत!

बरं, नियम मला ठाऊक होता. आधी सगळे जुने आकडे लिहून घ्यायचे, मगच हात लावायचा. ती वाचत गेली, मी लिहीत गेलो. एकशे अठ्ठावीस, चौसष्ट, बारा... झाली यादी. मग मी एक आकडा वाढवला, सेट शिट्टी मारायला लागला, दुसरा कमी केला, पडदा इतका अंधुक की आकडे जेमतेम दिसताहेत! म्हटलं घाबरायचं नाही, यादी आहे! एकेक आकडा परत भरत गेलो, आणि शेवटी बघतो तर नऊ जागा शिल्लक आणि यादी संपली!

"अगं, नऊ आकडे कुठे गेले?"

"ती शून्यं होती. शून्य म्हणजे काहीच नाही ना? मग काहीच नाही ते काय वाचायचं?"

पन्नास वर्षं मापं लिहिली, छातीपुढे 'छाती' आणि कमरेपुढे 'कंबर' लिहिल्याशिवाय आकडा टाकला नाही कधी, आणि इथे नुसती आकड्यांची रांग, पुढे नाव नाही की नंबर नाही! मधली शून्यं गाळली, की पुढचे सगळे आकडे भलत्याच जागी! छातीचं माप कमरेला, कमरेचं गळ्याला! गेला सेट म्हटलं, आणि कप्तानही गेले.

सकाळी सातला देवाचं नाव घेऊन बोललो. आणि एकदम हशा! "कोण हो? रेड्यावर बसून आलात काय?" माझा आवाज असा जाड, असा घोगरा, की विहिरीतून राक्षस बोलतोय! मी माफी मागणार, तेवढ्यात कप्तान. "टेलर! अरे, आज अगदी शेजारी बसल्यासारखा आलास! शब्द न् शब्द! केलंस काय?" आणि पाऊण तास बोलले हो... पाऊण तास! माझ्या डोळ्यांना पाणी आलं, खोटं कशाला सांगू.

दुपारी त्यांच्या सुनेचा फोन. "काका, बारीक आवाज त्यांच्या कानांना कळतच नाहीत आता, जाड तेवढे कळतात. कानाचं यंत्र आणलंय, पण घालतील तर शपथ! म्हणायचे, माझे कान ठणठणीत आहेत, टेलरचाच सेट बिघडलाय."

आमच्या सकाळच्या टाळक्यांतला टीव्ही दुरुस्तीवाला रोज मागे लागतो, "दादा, घेऊन या, दहा मिनिटांत पहिल्यासारखा करतो, वर चहा पाजतो." माझेही हात शिवशिवतात, नाही असं नाही. पण चारचौघांत राक्षस म्हणवून घेतो आणि गप्प बसतो. काय करता? माझा सेट दुरुस्त केला, की कप्तानचा बंद पडतो!