मोठ्या सरांची मान

हे मला खरंच आठवतंय, की इतक्या वर्षांत मीच जुळवलंय, सांगता येत नाही. तुम्ही चहा घेता घेता ऐका. लढाईच्या दिवसांत मी सांगलीच्या कॉलेजात रसायनशास्त्राचा नवा डेमॉन्स्ट्रेटर होतो. आमच्या मोठ्या सरांची एक पद्धत होती. पीएचच्या पहिल्या तासाला ते हायड्रोक्लोरिक आम्ल आणि कॉस्टिक सोडा सारख्या मापाने एकत्र करायचे, फळ्यावर गणित मांडून उत्तर सात, म्हणजे ना आम्ल ना अल्क, असं आणायचे, आणि म्हातारा शिपाई तातोबा ते मीठपाणी सर्वांदेखत प्यायचा. गणित चुकलं, तर त्याचा घसाच जळणार.

त्या वर्षी उन्हाळ्याच्या सुट्टीत सर वारले आणि तास माझ्याकडे आला. बाटल्या त्यांनीच भरून ठेवलेल्या होत्या, पण द्रावण किती तीव्र ते बाटल्यांवरच्या चिठ्ठ्यांवर नव्हतं. लढाईमुळे तपासायला लिटमसही मिळत नव्हता. सरांची नेहमीची तीव्रता एक नॉर्मल, म्हणून दोन्हींना तीच धरून मी मिश्रण केलं आणि फळ्यावर उत्तर सात काढलं.

तातोबाने पेला ओठांशी नेला आणि थांबला.

"घे की तातोबा, सात आलंय."

"आवं साहेब, मोठं सर न्हाई म्हणत्यात."

"कुठायत सर?"

"तुमच्या मागं, फळ्यापाशी. मान हलवत्यात."

मुलं हसली. मी मागे वळून पाहिलं नाही. तातोबाने पेला मोरीत ओतला.

बारा वर्षांनी फलटणला सरांच्या मुलीने मला त्यांची वही दाखवली. शेवटची नोंद त्याच बाटल्यांची होती: आम्ल, एक नॉर्मल; कॉस्टिक सोडा, दोन नॉर्मल. मी तिथेच बसून गणित पुन्हा केलं. सात नव्हे, जवळजवळ चौदा.