गंजाडच्या भगताने विचारलेले गाव

नाटकातले भूत खरे समजून ते उतरवायला प्रेक्षकांतला भगत रंगमंचावर चढतो, या किश्शाचा तलासरीकडचा पाठभेद तुम्ही ऐकला असेल. त्यात नटी पळून जाते. गंजाडला मात्र मी स्वतः समोर बसलो होतो. झपाटलेल्या बाईची भूमिका घोलवडला सून म्हणून आलेल्या नेपाळी सरिताची होती. तिची ती पहिलीच मोठी भूमिका. भगताने रीतीप्रमाणे तांदूळ फेकून भुताला विचारले, "कोन गो तू? कोन्त्या गावची?"

गांगरलेल्या सरिताने खरे तेच सांगितले, "काठमांडूची."

"एवढ्या लांबून? चल, आल्या वाटेनं परत जा!"

"नाही जाणार! माझं घर आता इथंच आहे. आणि अजून दुसरा अंक बाकी आहे!"



"मग राहा बाय," म्हणत भगताने नारळ फोडला आणि तो पहिल्या रांगेत जाऊन बसला.