सासूचा अंगठा

परभणीच्या कोर्टात माझ्या बाकावर सासू-सून बसल्या होत्या. मी खिडकीकडं बघत होते, कान मात्र त्यांच्याकडं.

“आत्याबाई, वकिलानं शिकवलं तसंच सांगा. आजारी होते म्हणा.”

“मी आन् आजारी? सगळं मानवत गाव रोज माझ्या दुकानातून मीठ-मिरची नेतंय.”

“अपघाताच्या भरपाईचा अर्ज मुदतीत दिला न्हाई आपण. उशीर का झाला ते जजसाहेबाला पटलं तरच माफ करतील. न्हाई तर माझ्या रुद्राणीच्या शिक्षणाचं काय?”

“मग खरंच सांगते. सून कागद घेऊन मागं लागायची, म्याच अंगठा देत नव्हते.”

“का म्हणून, म्हणतील.”

“माझ्या शिवकांतच्या नावाआधी मयत लिवलं होतं. आईनंच त्याच्यावर अंगठा उठवायचा?”

“मंग आता कसा उठवला?”

“हे साहेब इचारील का तूच इचारायलीस?”

सुनेनं हातातला कागद घडी घालून पिशवीत ठेवला.

“परवा रुद्राणीनं इचारलं, आज्जे, बाबा कवा येणार? येईल म्हणायला तोंड उघडलं बाई, आन् आवाजच फुटंना.”

सुनेनं सासूच्या डोक्यावरचा पदर नीट केला.

“हेच सांगा, आत्याबाई. आजारपण राहू द्या.”