ऐकतं

चिमी : ते राहू दे, आत्या. माप कुणी केलं तेवढं सांग.

मोतीबाई : कंचं माप?

चिमी : कोनाड्यात पालथं घातलंय ते. कॅम्पातल्या सिंधी शेठचं, धान्य मोजायचं. परवा बघितलं तेव्हा नुसता गोळा होता. आज काठ वळवलाय, कानसुद्धा लावलाय.

मोतीबाई : मीच केलं. भट्टीवाल्या सात घरांच्या मेळात थोरली कोण? मना जमू नये काय?

चिमी : घणाचं म्हणत नाही मी. घण तुझ्यासारखा कुणाचाच पडत नाही. पण हा धातू म्हणजे ऐकतं, तांबं-पितळ नव्हे. कितीही तापव, लाल होईल, मऊ नाही होणार. त्याला खरं सांगावं लागतं. जे आधी कुणालाच सांगितलेलं नाही असं खरं.

मोतीबाई : बघा, आता मनाच शिकवतेय.

चिमी : तूच शिकवलंस. आणि वर म्हणायचीस, माजं सगळं बोलून झालं गो, आता मी रिकामी. म्हणून तर शाळेतल्या पोरीला मेळात घेतलंत.

मोतीबाई : घेतली तर काय वाईट केलं? उड्या मारत आलीस की.

चिमी : मारल्याच. पहिल्या दिवशी सांगितलं, गणिताच्या बाईंच्या छत्रीला भोक मीच पाडलं, तर गोळा कसा झाला? उकडीसारखा. मोदक वळावा असा.

मोतीबाई : बाई गो. उभ्या जन्मात तसा मऊ नव्हता बघितला. हसून हसून माजी कंबर धरली.

चिमी : मी रविवारची वाट बघायचे, माहीत आहे? आठवडाभर काही घडलं की मनात म्हणायचे, हे नाही कुणाला सांगायचं, हे भट्टीसाठी. मैत्रिणीलाही नाही सांगायचे. आणि गेल्या रविवारी काय सांगितलं ते आठवतं?

मोतीबाई : नाय. एवढं कुठं ध्यानात राहतंय?

चिमी : राहिलंय. मी म्हटलं, पळण्याच्या शर्यतीत माझा पहिला नंबर आला, आता शाळा मला पुण्याला नेणार आहे. बाबा नाहीच म्हणतील, म्हणून घरी सांगितलेलं नाही. तू म्हणालीस, पळ गो पोरी.

मोतीबाई : म्हटलं असल.

चिमी : काल बाबा वर्गाच्या दारात येऊन उभे राहिले. सगळ्या मुली बघत होत्या. शाळेतून माझं नाव काढलं. पुणं गेलं ते गेलं, शाळाही गेली. घरापर्यंत एक शब्द बोलले नाहीत. घरी आल्यावर आईला म्हणाले, जांभूळ गावच्या लोकांना मुलगी बघायला बोलाव.

मोतीबाई : तुज्या बापाला, हिरामणला, कुणी बी सांगितलं असल. बेलवलीत पोरी काय कमी हाईत?

चिमी : मुलींना पुण्याचं माहीतच नव्हतं. बाई सांगणार नाहीत, त्यांना वाटत होतं घरून परवानगी आहे. मी फक्त इथं बोलले. इथं तू होतीस आणि हा गोळा होता. गोळ्याला नुसतं ऐकता येतं.

मोतीबाई : चिमे...

चिमी : भट्टीपाशी बोललेलं भट्टीपाशीच राहील. ऐरणीवर हात ठेवून म्हणवून घेतलंस माझ्याकडून. तुझा हात माझ्या हातावर होता.

मोतीबाई : मंग काय करू? विठा अंबरनाथला कारखान्यात गेला. सदू गेला. भगवंताची दोन्ही पोरं गेली. भोंगा वाजला का आत, भोंगा वाजला का भाईर. सात घरांतून भट्टीला कोण येतंय? तू आन् मी. आज तू पुण्याला, उद्या मुंबैला. मंग मी या गोळ्यासमोर मुकी बसू?

चिमी : म्हणून सांगितलंस.

मोतीबाई : सांगितलं.

चिमी : आणि मग इथं येऊन ह्याला सांगितलंस, की मी पोरीचं फोडलं. नवंकोरं खरं. म्हणून माप झालं.

मोतीबाई : मापासाठी नाय केलं गो. देवाशपथ नाय. पण केल्यावर माज्यापाशी होतं ते. कितीतरी वर्सांनी काय तरी होतं. घशाशी आलं, बोलली.

चिमी : छान झालंय माप. शेठ खूश होईल. ह्यात कमी भरलं की वाजतं म्हणे.

मोतीबाई : अशी बोलू नको. बघ, दुसरा गोळा लाल झालाय. याच्यासमोर सांगते, मंग तर तुना पटल? तुजी शाळा सुटली, मना लय वाईट वाटतंय.

चिमी : हाण.

(घणाचा एक घाव. टणकन आवाज.)

चिमी : शाळेच्या घंटेसारखा वाजला.

मोतीबाई : तापला नसल पुरता.

चिमी : लालभडक आहे.

मोतीबाई : मंग आधी बोलली असन कवा.

चिमी : कुणापाशी?

मोतीबाई : तू सांग ना काय तरी. तुज्यापाशी आता पुष्कळ असल.

चिमी : आहे. गोळाच काय, ऐरण वितळेल. पण ते इथं नाही सांगणार.

मोतीबाई : असं नको करू, पोरी. मी हिरामणला म्हणते, जांभूळ नको, बेलवलीतलंच घर बघ. इथून इथं. भाकऱ्या झाल्या का येशील भट्टीवर. मी घण मारीन, तू बोलशील, पहिल्यासारखं. खरं सांगू? तू नाय गेलीस... मना बरं वाटलं गो. रात्री झोप लागली.

चिमी : आत्या.

मोतीबाई : काय गो?

चिमी : सांडशीकडे बघ. ओघळायला लागलंय.

(मोतीबाई सांडशीकडे बघते. घण खालीच असतो.)

चिमी : घण घे ना. उकडीसारखं झालंय.