रुखवतात गेलेली अमेरिकन कविता

मी, उमा श्रीराम ताम्हनकर, वय ६४ वर्षे, व्यवसाय सेवानिवृत्त प्राध्यापिका, विषय इंग्रजी, राहणार विश्रामबाग, सांगली. आज रोजी कडेगाव पोलीस ठाण्यात स्वतः येऊन, काल दिलेल्या माझ्या तक्रारीबाबत विचारल्यावरून खराखुरा जबाब देते की,

मी वरील पत्त्यावर एकटी राहते. माझ्यासोबत अमेरिकन कवी आणि त्यांच्या चळवळी यांच्यावरचे समीक्षाग्रंथ राहतात. नोकरीच्या सगळ्या वर्षांत पदरमोड करून ते मी जमवले. त्यातले बरेचसे आता छापले जात नाहीत. मी ते सहसा कोणाला देत नाही आणि दिले तर परत येईपर्यंत मला धड झोप लागत नाही. सांगलीत मला यावरून नावे ठेवतात. खुशाल ठेवोत.

पलूस येथील रेश्मा ही माझ्या मार्गदर्शनाखाली पीएच.डी. करते. तिचा विषय अमेरिकेतली कबुलीजबाबी कविता हा आहे. येथे जबाब लिहून घेणारे हवालदार नाथाजी सावंत यांनी विचारले की, हे कवी कबुलीजबाब कुणापुढे द्यायचे, कारण पोलिसांपुढचा कोर्टात चालत नाही. मी खुलासा केला की ही माणसे आपल्या घरातली भांडणे, आजारपणे, लफडी सगळे कवितेत उघड लिहीत आणि थेट वाचकापुढे ठेवत. हवालदार म्हणाले, "मग तपासाला काय उरलंच न्हाई की." त्यांनी पुढे लिहायला घेतले.

रेश्माचे शेवटचे प्रकरण वर्षभर अडून बसले होते. त्यातच तिचे लग्न ठरले. मुलगा वीरधवल, सैन्यात नोकरीला, घरचा उसाचा मळा, माणसे चांगली. मी तोंडभरून अभिनंदन केले, पण मनातून धास्तावले. लग्न झाले की प्रबंध माळ्यावर, हे मी एकीचे नाही, अनेकींचे पाहिले आहे. रेश्मा त्या सगळ्यांहून हुशार. हिचाही प्रबंध माळ्यावर गेला असता तर मला ते सोसले नसते.

लग्नाआधी ती माझ्याकडे आली. रुखवतासाठी तिच्या मावश्यांनी लोकरीचे ससे, मण्यांचे तोरण आणि चकल्यांचा किल्ला केला होता. ती म्हणाली, "मॅडम, त्यातलं मला काहीच येत नाही. मला जे येतं ते मांडते की." मी विरघळले. पण तिची स्वतःची पुस्तके बहुतेक झेरॉक्स, आणि झेरॉक्स रुखवतात शोभत नाही. म्हणून मी माझी दोन खोकी भरून दिली. अट एकच घातली, की अक्षता पडल्या की तिचा भाऊ भाऊसो याने ती माझ्या गाडीत आणून ठेवायची.

पलूसच्या मंगल कार्यालयात पुस्तके पायऱ्यांसारखी रचून वर मोगऱ्याची माळ घातली होती. माणसे किल्ला सोडून तिथे थबकत होती. कुणीतरी म्हणाले, "एवढं वाचलंय व्हय पोरीनं!" मला इतका आनंद झाला की मी बासुंदी पुन्हा मागून घेतली.

पाठवणीच्या वेळी भाऊसो हमसून हमसून रडत होता. त्याला खोक्यांची शुद्ध नव्हती. मुलाचे वडील मानसिंगराव यांनी "रुखवत समदं उचला रं" असा हुकूम सोडला आणि माझी अमेरिकन कविता लाडवांच्या डब्यांना टेकून टेम्पोतून कडेगावला गेली. त्या वेळी मी आत पान खात बसले होते; हे मला मागाहून भाऊसोने सांगितले.

दुसऱ्या दिवशी मी रेश्माला फोन केला. तो तिच्या सासूबाई हरणाबाई यांनी उचलला. जोडी फोन घरीच ठेवून देवदर्शनाला गेल्याचे कळले. मी पुस्तके मागितली असता त्या म्हणाल्या, "आवं बाई, रुखवतातलं कुणी माघारी मागतं व्हय?" आणि फोन ठेवला. नंतरही उत्तर तेच. माझ्या डोळ्यांपुढे तो माळा उभा राहिला, पारा चढला, आणि पुस्तके बळकावल्याची तक्रार मी काल या ठाण्यात दिली.

आज सकाळी हवालदार नाथाजी यांच्यासह मी मळ्यातल्या घरी गेले. पुस्तके माळ्यावर नव्हती. घराच्या पुढच्या सोप्यात शिरल्याबरोबर दिसतील अशी टेबलावर मांडली होती आणि नव्या सुनेचे रुखवत बघायला वस्तीवरच्या बायका जमल्या होत्या. प्रत्येक पुस्तकाला हळदकुंकू लावलेले होते. कापडी बांधणीच्या एका दुर्मीळ ग्रंथावर कुंकवाचे ठसठशीत बोट पाहून मी किंचाळले. हरणाबाई म्हणाल्या, "पुस्तकाला हळदकुंकू लावू नगं, तर काय पायानं सरकवू?"

रेश्मा हिरव्या चुड्यात बसून एकेक पुस्तक समजावून देत होती. एका कवीने बायकोशी झालेली घरातली बोलणी कवितेत छापली, इथपर्यंत गोष्ट आली होती.

हरणाबाईंनी विचारले, "आन् छापताना बायकोला इचारलं हुतं का त्यानं?"

"न्हाई, आत्या."

"मग ह्यो कबुलीजबाब न्हवं. ही चहाडी झाली."

लगेच जमलेल्यांतली एक बाई म्हणाली, "का म्हणून? घर त्याचंबी हुतं की! त्यानं आपलं दुखणं सांगू नगं व्हय?" बायकांत दोन तट पडले. असा कडाक्याचा वाद मी कुठल्या चर्चासत्रात ऐकलेला नाही. रेश्मा उठून उभी राहिली आणि म्हणाली, "मॅडम, शेवटचं प्रकरण सुटलं! हे भांडणच लिहिते." तिचा चेहरा असा फुलला होता की मी कुंकवाचे बोट विसरले.

तेवढ्यात हवालदारांनी कर्तव्य म्हणून मोठ्याने विचारले, "ही पुस्तकं नक्की कुणाची?" सगळ्या बायका वळून बघू लागल्या. रेश्माचा रंग उतरला. तेव्हा कुठे माझ्या डोक्यात उजेड पडला. मी 'माझी' म्हटले, की पलूसच्यांनी उसने आणून रुखवत मांडले, ही बातमी दुपारच्या आत वस्तीभर होणार आणि नव्या घरात पोरीची मान खाली जाणार. पुस्तक देऊन टाकणे माझ्या रक्तात नाही. माझा जीव तुटत होता. तरीही मी सांगितले, "तिची. माझा आहेर आहे." त्या बायकांना यातले काही कळू नये, एवढी विनंती आहे.

चहा-लाडू झाल्यावर मी निघाले. हरणाबाई काकवीची बाटली घेऊन एकट्याच गाडीपर्यंत आल्या आणि हळू आवाजात म्हणाल्या, "बाई, पुस्तकं तुमची हायत ते मला पयल्या दिशीच ठावं हाय. पयल्या पानावरचं नाव वीरधवलनं वाचून दावलं. त्यो तर परत द्यायला निघाला हुता. म्याच अडवला."

मी विचारले, "मग फोनवर माझ्याशी भांडलात कशाला?"

त्या म्हणाल्या, "पुस्तकं माघारी गेली असती तर दुसऱ्या दिशी पोरगी रांधायला लागली असती, आन् कुणाला त्यात काय वावगं वाटलं नसतं. मलाबी न्हाई. ती टेबलावर हायत तवर येता-जाता समद्यांस्नी दिसतंय, ही शिकतीया म्हणून. तिचं पुरं हुईस्तवर ऱ्हाऊ द्या. मग मी सोता घिऊन येती."

मी गाडीत बसून रडले. हवालदार खिडकीबाहेर ऊस बघत राहिले.

आता हवालदारांनी विचारले की, पुस्तके गैरसमजातून नेली गेली, असे लिहून प्रकरण मिटवू का. माझी त्याला हरकत आहे. टेम्पोत चढवताना गैरसमज झाला असेल; घरात ठेवून घेताना नव्हता. सौ. हरणाबाई यांनी पुस्तके दुसऱ्याची आहेत हे पक्के ठाऊक असताना, मालकीण मागत असताना, जाणूनबुजून आणि पूर्ण विचार करून ती ठेवून घेतली. तसेच नोंदवावे. माझी त्यांच्याविरुद्ध काहीही तक्रार नाही.

हा जबाब मला पहिल्यापासून शेवटपर्यंत वाचून दाखवला. मी बोलले तसाच उतरला आहे आणि तो खरा आहे, म्हणून खाली सही करते.

उमा श्रीराम ताम्हनकर